पुराणातली वांगी आणि जमिनीतला पुरावा

'पुराणातली वांगी पुराणात' असं म्हणून आपल्याकडे विषय मिटवायची पद्धत आहे. दुसऱ्या बाजूला घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दिवसाआड एक फॉरवर्ड येतोच: पुष्पक म्हणजे विमान, ब्रह्मास्त्र म्हणजे अणुबॉम्ब, आपल्या पूर्वजांना सगळं ठाऊक होतं. दोन्ही पक्ष हमरीतुमरीवर येतात, पण भांडण एकाच प्रश्नावर चाललेलं असतं: हे खरंच घडलं होतं का? माझ्या मते हा प्रश्न आपण फार घाईने विचारतो. त्याच्या आधी आणखी एक विचारायला हवा. ही गोष्ट लोकांनी इतकी वर्षं जपली, ती त्यांच्या कुठल्या कामाला येत होती?

तोंडी गोष्ट जपणं कष्टाचं असतं. लिहायची सोय नसलेल्या समाजात जे पाठ करून पुढच्या पिढीच्या हवाली करायचं, त्यात फालतू सामान फार काळ टिकत नाही. काही गोष्टी संकटाची आठवण ठेवतात. काही समोर दिसणाऱ्या विचित्र देखाव्याचा उलगडा करतात. काही जमिनीवर किंवा मानपानावर हक्क सांगतात. वरून सगळ्या सारख्याच दिसतात, तोच देव, तोच दैत्य, तीच लढाई. त्या वेगवेगळ्या कशा ओळखायच्या हे भूशास्त्रज्ञांकडून शिकावं, कारण गोष्ट ताडून पाहायला त्यांच्याकडे जमीन असते. १९६८ मध्ये डोरोथी विटालियानो या अमेरिकन भूशास्त्रज्ञ बाईंनी या अभ्यासाला 'जिओमिथॉलॉजी' असं भारदस्त नाव दिलं. काम तसं सरळ आहे: भूकंप, ज्वालामुखी, समुद्राच्या लाटा यांच्या खुणा दंतकथांत शोधायच्या आणि मग फावडं घेऊन त्या जागी जायचं.

सगळ्यात चांगलं उदाहरण उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरचं आहे. कॅनडातल्या व्हँकूवर बेटापासून खाली वॉशिंग्टन आणि ओरेगनपर्यंत राहणाऱ्या अनेक आदिवासी समाजांत एका अवाढव्य गर्जणाऱ्या पक्ष्याची, थंडरबर्डची गोष्ट सांगतात. तो समुद्रातल्या देवमाशावर झडप घालतो, त्याला नखांत धरून उचलतो, झुंज होते, जमीन थरथरते, समुद्र उसळतो. एवढंच असतं तर 'गरुड आणि नाग' छापाची गोष्ट म्हणून आपण पुढे गेलो असतो. पण त्याच किनाऱ्यावर याच्या जोडीने दुसऱ्या, कमी नाट्यमय हकिकतीही होत्या. १८६० च्या दशकात नीआ बे इथल्या मकाह लोकांमध्ये मास्तरकी करणाऱ्या जेम्स स्वान याने एक टिपून ठेवली: फार पूर्वी समुद्र मागे हटला, खाडी कोरडी पडली, मग पाणी वर वर चढत गेलं, होड्या झाडांत अडकल्या, पुष्कळ माणसं गेली. आणि १९६४ मध्ये व्हँकूवर बेटावरच्या हू-आय-आत समाजाचे म्हातारे प्रमुख लुई नूकमिस यांनी पचीना खाडीतल्या गावाची कहाणी सांगितली. रात्रीची वेळ होती, आधी जमीन हादरली, मग लाट आली, जीव वाचवायला उसंतच मिळाली नाही. खालचं गाव साफ झालं. उंचावर राहणारे वाचले.

यात पक्षी नाही, देवमासा नाही. रात्र आहे, हादऱ्यानंतर लाट असा क्रम आहे आणि कोण वाचलं हे आहे. गोष्ट रंगवायला यातलं काहीच लागत नाही. तोंडी कथेत असे बिनकामाचे वाटणारे बारीक तपशील दिसले की कान टवकारायचे, कारण ते सहसा कोणाच्या तरी डोळ्यांतून आलेले असतात.

त्या काळी शास्त्रज्ञांचं मत काय होतं? या किनाऱ्यावर फार मोठा भूकंप झाल्याची नोंद नाही, त्यामुळे बहुधा होतही नसावा. १९८० च्या दशकात हे मत फिरलं. ब्रायन ॲटवॉटर हा भूशास्त्रज्ञ वॉशिंग्टनच्या खाड्यांमधून छोट्या होडीने हिंडत, ओहोटीच्या वेळी काठ खरवडून पाहू लागला. चिखलाच्या आत त्याला जुन्या दलदलीची माती सापडली, गवतासकट गाडलेली, आणि तिच्यावर समुद्राच्या वाळूचा थर. कोपालिस नदीच्या मुखाशी देवदारासारख्या मोठ्या झाडांचे वठलेले, राखाडी खांब अजून उभे होते. ती झाडं म्हातारपणाने मेली नव्हती. त्यांच्या मुळांत खारं पाणी शिरलं होतं.

हे कसं होतं, ते जरा समजून घेऊ. या किनाऱ्याबाहेर समुद्राच्या तळाची एक प्रचंड शिळा, हुआन दे फुका प्लेट, वर्षाला काही सेंटिमीटर या वेगाने खंडाखाली सरकते. पण ती सुरळीत सरकत नाही. दोन्ही शिळा एकमेकींत अडकतात, मागून रेटा चालूच राहतो आणि वरच्या खंडाची कड वाकवलेल्या स्टीलच्या पट्टीसारखी हळूहळू वर फुगते. काहीशे वर्षांनी अडकलेला भाग सुटतो. पट्टी सटकन सरळ होते, किनारा एका झटक्यात मीटर-दोन मीटर खाली बसतो आणि समुद्राचा तळ हलल्यामुळे लाट उठते. खाली बसलेल्या जमिनीवर रोज भरतीचं पाणी येऊ लागतं. झाडं उभ्या जागी मरतात.

झाडांच्या वर्तुळांवरून कळलं की ती १६९९ चा उन्हाळा संपल्यानंतर आणि १७०० चा उन्हाळा सुरू व्हायच्या आधी मेली. आणि नेमकी तारीख मिळाली ती जपानमधून. तिथे गेन्रोकु कालखंडाच्या बाराव्या वर्षी, म्हणजे जानेवारी १७०० च्या अखेरीस, प्रशांत महासागराच्या काठावरच्या अनेक गावांत मध्यरात्री समुद्र आत घुसला होता. घरं गेली, एका गावात वरून आग लागली, तांदूळ वाटायची वेळ आली. सरकारी दप्तरात सगळं टिपलेलं होतं. फक्त भूकंप कोणालाच जाणवला नव्हता, म्हणून जपानी अभ्यासक त्या लाटेला पोरकी त्सुनामी म्हणत. १९९६ मध्ये केन्जी साताके आणि त्याच्या सहकाऱ्यांनी हिशेब मांडला. लाटेला महासागर ओलांडायला साधारण दहा तास लागतात, तेव्हा मागे मोजत गेलं की अमेरिकेच्या किनाऱ्यावरचा भूकंप येतो २६ जानेवारी १७०० रोजी रात्री नऊच्या सुमाराला. तीव्रता ९ च्या आसपास. रात्रीची वेळ होती, असं नूकमिस म्हणाले होते.

मला यात सगळ्यात जास्त भावते ती दोन्ही बाजूंनी ठेवलेल्या आठवणीची जात. जपानी कारकुनाने तारीख ठेवली, नुकसान ठेवलं, कारण त्याला नुकसानभरपाईचा हिशेब द्यायचा होता. पचीना खाडीच्या लोकांनी वर्ष सोडून दिलं. त्यांना उपयोगाचं होतं ते 'जमीन हलली की पाणी येतं आणि उंचावरची माणसं वाचतात' एवढंच. लेखी नोंद आणि दंतकथा यांत एक विश्वासाची आणि दुसरी थापांची असं नाही. दोघींनी वेगवेगळ्या कामासाठी वेगवेगळ्या गोष्टी वगळल्या. दंतकथेला वर्ष विचारलं तर ती तोंडघशी पडणारच.

आता याहून कितीतरी जुनी गोष्ट. ओरेगनमध्ये क्रेटर लेक नावाचं जवळपास ५९४ मीटर खोल, गडद निळं तळं आहे. साधारण ७,७०० वर्षांपूर्वी तिथे माझामा नावाचा ज्वालामुखी पर्वत होता. तो फुटला, आतला लाव्हा बाहेर पडल्यावर पोकळ झालेला डोंगर स्वतःच्याच पोटात कोसळला, आणि त्या खड्ड्यात पुढे पाणी साठलं. तिथल्या क्लामथ लोकांची कथा अशी: पाताळाचा स्वामी लाओ आणि आकाशाचा स्वामी स्केल यांच्यात युद्ध जुंपलं, दोघे आपापल्या डोंगरावरून लालबुंद दगड फेकत होते, आगीचे लोट खाली धावले, माणसं पाण्यात शिरून बसली. शेवटी लाओचा डोंगर त्याच्याच डोक्यावर कोसळला आणि तो कायमचा पाताळात गाडला गेला. १८६५ मध्ये लालेक नावाच्या वृद्ध प्रमुखाने ही कथा तिथल्या किल्ल्यावरच्या एका तरुण सैनिकाला सांगितली होती.

इतकी हजार वर्षं आठवण टिकेल यावर सहज विश्वास बसत नाही, आणि बसूही नये. शंका घेणारे म्हणतात, खड्डा आणि राख बघून कोणीही नंतर अशी कथा रचू शकेल. त्यांना उत्तर द्यायचं तर निदान एवढं दाखवावं लागेल की तो स्फोट बघायला तिथे माणसं होती. ती होती. १९३८ मध्ये ल्यूथर क्रेसमन या मानववंशशास्त्रज्ञाने तिथून ईशान्येला असलेल्या फोर्ट रॉक गुहेत खणलं, तेव्हा माझामाच्या राखेच्या थराखाली सेजब्रश झुडपाच्या सालीच्या विणलेल्या चपला निघाल्या. एकदोन नव्हे, डझनांनी. चपटा तळ, पुढे बोटं झाकणारी विणलेली झडप. पुढे रेडिओकार्बन पद्धतीने त्यांचं वय नऊ हजार वर्षांच्या आसपास निघालं. म्हणजे डोंगर फुटला त्याच्या आधीपासून त्या मुलखात माणसं पायात चपला घालून वावरत होती. यावरून कथा साक्षीदारांचीच आहे असं सिद्ध होत नाही. पण तसं असणं शक्य आहे, हे मात्र ठरतं. माझा कल विश्वास ठेवण्याकडे आहे, आणि तो मुख्यतः त्या कोसळण्यामुळे. तळं बघून 'डोंगर उडून गेला' असं म्हणणं सोपं होतं. कथा म्हणते, तो आत बसला.

हीच कसोटी आपल्या लोणारला लावली की काय होतं बघा. बुलढाणा जिल्ह्यातलं लोणार म्हणजे बेसॉल्टच्या खडकात उल्का आदळून झालेलं, सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं गोल विवर, आत खारं पाणी. स्थानिक कथा सांगते की लवणासुर तिथे जमिनीखालच्या गुहेत दडून लोकांना छळायचा. विष्णूने दैत्यसूदनाचं रूप घेतलं, गुहेवरचं झाकण पायाच्या अंगठ्याने उडवलं आणि असुराला मारलं. ते झाकण दूर जाऊन पडलं, त्याची टेकडी झाली. तळ्यातलं पाणी म्हणजे लवणासुराचं रक्त, त्यातला क्षार म्हणजे त्याचं मांस. गावातलं दैत्यसूदनाचं देऊळ बघायला अवश्य जावं, कोरीवकाम अप्रतिम आहे.

आता फॉरवर्डवाले म्हणणार, बघा, आपल्या पूर्वजांना उल्कापात माहीत होता. पण कथा नीट ऐका. तिच्यात आकाशातून काहीच पडत नाही. झाकण वर उडतं. आणि विवराचं वय? एका पद्धतीने ते सुमारे ५२ हजार वर्षं निघालं, तर आर्गॉन वायूवर आधारलेल्या नंतरच्या मोजमापाने सुमारे ५ लाख ७० हजार. कोणताही आकडा धरला तरी लवणासुराची कथा ज्या भाषेत, ज्या देवांच्या नावाने सांगितली जाते त्याच्या जवळपासही तो येत नाही. ही आठवण नव्हे. खड्डा समोर होता, तो बघून रचलेला हा उलगडा आहे. मात्र उलगडा म्हणून त्याला हसू नका. सपाट मुलखात इतका गोल खड्डा आपोआप होत नाही, इथे एका फटक्यात काहीतरी घडलं, आणि पाण्याच्या खारटपणाचा त्या घटनेशी संबंध लावायला हवा, एवढं कथाकाराने हेरलं होतं. शास्त्रज्ञही बरीच वर्षं याला ज्वालामुखीचं विवर समजत होते. उल्केच्या आघाताचा पक्का पुरावा १९७३ मध्ये प्रसिद्ध झाला. चुकीचं उत्तर देणाऱ्यांत लवणासुर एकटा नव्हता.

तिसऱ्या जातीची कथा कोकणी माणसाला वेगळी सांगायला नको. परशुरामाने सगळी पृथ्वी कश्यपाला दान केली, मग त्याला स्वतःला राहायला जागा उरली नाही, म्हणून त्याने बाण सोडून समुद्र मागे हटवला. गोव्यात तो बाण बाणावलीला पडला म्हणतात, केरळात बाणाच्या जागी परशू येतो. चिपळूणजवळ परशुरामाचं देऊळ आहेच. यात समुद्रपातळीची आठवण शोधायचा मोह होतो. पण हिमयुगाचा कडाका ओसरल्यापासून जगभरचा समुद्र सुमारे १२० मीटर चढलेला आहे. गेल्या काही हजार वर्षांतले छोटे चढउतार वगळले तर दिशा कथेच्या उलट आहे. मग कथा कुठल्या कामाची? ती कोणाला काय देते ते बघा. सह्याद्रिखंड या पुराणग्रंथात या नव्या भूमीवर परशुराम ब्राह्मणांना वसवतो. केरळच्या परंपरेत तो नंबुद्री ब्राह्मणांना चौसष्ट गावं देतो. समुद्रातून नुकत्याच वर आलेल्या जमिनीला आधीचा मालक नसतो. किनाऱ्यावर मासे मारणारे, डोंगरात कुमरी म्हणजे फिरती शेती करणारे लोक तिथे कधीपासून होते, हा प्रश्नच मग उद्भवत नाही. दस्तऐवज म्हणून वाचली तर ही कथा फार हुशारीने लिहिलेली आहे, आणि असं म्हटल्याने कोणाच्या श्रद्धेला धक्का लागायचं कारण नाही. सातबाऱ्यावर नाव कोणाचं आहे हे बघणं म्हणजे शेताचा अपमान नव्हे.

पुन्हा आठवणीच्या कथांकडे येतो, कारण त्यातली एक प्रत्यक्ष परीक्षेला बसली आहे. सुमात्राच्या पश्चिमेला सिमुलुए नावाचं बेट आहे. १९०७ मध्ये तिथे भूकंप आणि लाटेने हाहाकार उडाला होता. त्यानंतर लोकांनी त्या लाटेला 'स्मोंग' हे नाव दिलं आणि तिची गोष्ट अंगाईत, आजीच्या तोंडी, नांदोंग नावाच्या पारंपरिक गाण्यांत गुंफली. सूचना एकच: मोठा हादरा बसला आणि समुद्र आटला तर मासे वेचायला थांबू नका, डोंगराकडे पळा. २६ डिसेंबर २००४ ला ९ च्या वर तीव्रतेचा भूकंप झाला तेव्हा त्याचं केंद्र या बेटाच्या जवळ होतं. उत्तर किनाऱ्यावर लाट दहा मिनिटांच्या आत पोचली. भोंगा नव्हता, मोबाइलवर इशारा नव्हता. लोक 'स्मोंग, स्मोंग' ओरडत डोंगरावर गेले. सुमारे ७८ हजार वस्तीत ७ माणसं दगावली. त्याच आचे प्रांतातल्या समोरच्या सुमात्राच्या किनाऱ्यावर, जिथे अशी गोष्ट घरोघरी नव्हती, दीड लाखाहून अधिक माणसं गेली.

सत्त्याण्णव वर्षं म्हणजे पुराणकाळ नाही, हे मान्य. पण आठवण टिकायला काय लागतं हे इथे उघड्या डोळ्यांनी बघता येतं: छोटं नाव, चाल, लहान मुलांना रोज ऐकू येईल अशी जागा आणि काय करायचं हे सांगणारं एक वाक्य. आपल्याकडे किल्लारीचा भूकंप ३० सप्टेंबर १९९३ ला पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी झाला. लोक गणपती विसर्जन करून झोपले होते. सणाला जोडलेली आठवण सहसा मरत नाही, तेव्हा 'विसर्जनाची रात्र' पुढेही सांगितली जाईल. माणसं मेली ती मात्र मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती आणि वरचं जड माळवद अंगावर आल्याने. ते वाक्य गोष्टीत शिरलं तरच ती गोष्ट पुढच्या घराच्या कामाची.

हा विचार काही फक्त लोककथेच्या अभ्यासकांचा नाही. १९८१ मध्ये अमेरिकी सरकारने एका गटाला विचारलं, अणुभट्ट्यांचा किरणोत्सारी कचरा आपण जमिनीत गाडणार, तर 'इथे खणू नका' हे दहा हजार वर्षांनंतरच्या माणसाला कसं सांगायचं? तोवर आजची एकही भाषा समजेल अशी खात्री नाही. चिन्हांचा अभ्यासक थॉमस सेबेओक याने सुचवलं की पाटीवर विसंबू नका, जागेभोवती दंतकथा आणि विधी रचा. खरं कारण माहीत असलेला जाणकारांचा एक छोटा वर्ग ते पिढ्यान् पिढ्या पुढे देईल, बाकीचे भीतीपोटी लांब राहतील. त्याने त्या वर्गाला सरळ 'अणु-पुरोहित' म्हटलं. १९८४ मध्ये फ्रान्स्वाज बास्तीद आणि पाओलो फाब्री या दोघांनी त्याहून गमतीशीर तोड काढली: किरणोत्सार जाणवताच रंग बदलणारी मांजरं पैदा करा आणि 'मांजराचा रंग बदलला की गाव सोडा' अशी गाणी, म्हणी जगभर पेरा.

दोन्ही सूचना कागदावरच राहिल्या. मांजराची सूचना हास्यास्पद वाटते, पण सिमुलुएचं गणित तिच्यात बरोबर उतरलं आहे: खूण, गाणं आणि एक कृती. सेबेओकची सूचना मात्र मला अस्वस्थ करते. खरं कारण फक्त आपल्याला ठाऊक आहे असं म्हणणारा वर्ग दहा हजार वर्षं नुसती राखण करत बसेल, की त्या जमिनीच्या मालकीची एखादी कथा रचेल, याचा अंदाज कोकणच्या किनाऱ्यावर वाढलेल्या माणसाला अमेरिकी समितीपेक्षा लवकर येईल.